डावा हात

आमच्याकडच्या ‘एका कोळियाने’च्या प्रतीत एका पानावर अंगठ्याचा ठसा आहे. काळपट, तेलकट, कडेकडेला फिका होत गेलेला. अमेरिकन लेखक हेमिंग्वेच्या ‘द ओल्ड मॅन अँड द सी’चा पुलंनी केलेला हा अनुवाद मी बी.ए.च्या दुसऱ्या वर्षाला असताना अप्पा बळवंत चौकाजवळ जुन्या पुस्तकांच्या ढिगातून घेतला होता. ठसा माझा नाही, अण्णांचा आहे.

अण्णा टर्नर होते. पिंपरीतल्या एका कारखान्यात ३१ वर्षं ते लेथवर उभे राहिले. हातांच्या रेषांत बसलेलं तेल कधी जायचं नाही. रविवारी खोबरेल चोळून, मग राखेनं, मग साबणानं धुतले तरी नाही. डाव्या हाताच्या मधल्या बोटाचं वरचं पेर नव्हतं. मी चार वर्षांचा असताना ते लेथच्या चकमध्ये, काम पकडणाऱ्या त्या फिरत्या जबड्यात, गेलं. घरात तो विषय कुणी काढत नसे, आणि अण्णा तर मुळीच नाहीत. फोटो काढायची वेळ आली की तो हात न चुकता खिशात जायचा, नाहीतर पाठीमागे. आमच्या अल्बममधल्या एकाही फोटोत अण्णांचा डावा हात नाही. माझ्या लग्नाच्या फोटोतसुद्धा.

त्यांचं वाचन म्हणजे पेपर. पण त्या पावसाळ्यात रातपाळीहून आल्यावर त्यांना झोप लागत नव्हती आणि पुस्तक कॉटवर पडलेलं होतं. चार-पाच दिवसांत त्यांनी ते संपवलं. माझ्या हातात परत देताना म्हणाले, “ह्या माणसाला हात कळलाय.”

मी विचारलं, “म्हणजे?”

त्यांनी पान उघडून दाखवलं. कादंबरीतल्या म्हाताऱ्या कोळ्याच्या, सांतियागोच्या, डाव्या हाताला पेटका येतो, हात पंज्यासारखा आवळून बसतो आणि म्हातारा त्या हाताशीच बोलायला लागतो, ते प्रकरण. मी तेव्हा हेमिंग्वेच्या नायकांवर नोट्स काढत होतो. मी अण्णांना प्रतीकांबद्दल काहीतरी सांगायला लागलो. ते दोन मिनिटं ऐकत उभे राहिले आणि चहा करायला आत गेले.

आज मी इंग्रजी शिकवतो आणि माझी बरीच वर्षं अमेरिकन साहित्यात गेली आहेत. त्या साहित्यातला पुरुष, त्याचं पुरुषपण यावर मी खूप वाचलं, थोडं लिहिलं. आणि आता वाटतं की अण्णांचं ते एक वाक्य धरून तेव्हाच चाललो असतो तर फार लवकर पोचलो असतो.

*

अमेरिकन पुरुषाचं एक ठरलेलं चित्र आपल्या सगळ्यांच्या डोळ्यांसमोर आहे. कमी बोलणारा, एकटा, बंदूक किंवा लगाम हातात असलेला, घर मागे टाकून निघालेला. हे चित्र सिनेमानं जगभर नेलं असलं तरी त्याचा उगम पुस्तकांतला आहे. जेम्स फेनिमोर कूपरनं १८२३ ते १८४१ या काळात ज्या पाच कादंबऱ्या लिहिल्या, त्यांतला नॅटी बंपो हा जंगलात राहणारा बिनलग्नाचा शिकारी या सगळ्यांचा पूर्वज. मग मेलव्हिलच्या ‘मोबी-डिक’मधला इश्माएल समुद्रावर जातो, मार्क ट्वेनचा हकलबरी फिन नदीवर. समीक्षक लेस्ली फीडलरनं १९६० साली एक जाडजूड ग्रंथ लिहून हे फार नेमकं दाखवलं, की अमेरिकन कादंबरीतला पुरुष बाई, लग्न, घर यांपासून पळत असतो आणि पळता पळता दुसऱ्या एका पुरुषाशी, बहुतेक वेळा दुसऱ्या वंशाच्या पुरुषाशी, त्याचं जिवाभावाचं नातं जुळतं. इश्माएलचं पॅसिफिक बेटावरून आलेल्या क्वीक्वेगशी, हकचं पळालेल्या गुलाम जिमशी.

हे खरं आहे. पण मला त्या पळण्यापेक्षा पोचल्यावर काय होतं ते पाहावंसं वाटतं. बंदूक, लगाम, वल्हं खाली ठेवल्यावर त्या हातांचं काय होतं?

‘मोबी-डिक’चं ९४वं प्रकरण पाहा. देवमाशाच्या डोक्यातलं तेल थंड होऊन त्याच्या गुठळ्या झाल्या आहेत आणि खलाशी मोठ्या टबाभोवती बसून हातांनी त्या गुठळ्या कुस्करून पुन्हा पातळ करतायत. इश्माएलही बसला आहे. करता करता त्या मऊ तेलात गुठळी कुठली आणि शेजाऱ्याचा हात कुठला हे कळेनासं होतं. तो इतरांचे हात दाबत राहतो, त्यांच्या डोळ्यांत पाहतो आणि त्याच्या मनातला सगळा कडवटपणा निघून जातो. माणसानं सुख बुद्धीत किंवा कल्पनेत शोधू नये, ते बायकोत, अंथरुणात, जेवणाच्या टेबलात, चुलीशी शोधावं, असं हा घरातून पळालेला माणूस तिथे बसून म्हणतो! १८५१ सालचं पुस्तक. एका वेड्या कप्तानाच्या सूडाच्या कथेत मध्येच हे पान येतं, आणि मला ते अख्ख्या कादंबरीचं हृदय वाटतं.

हकच्या तराफ्यावरही असं एक पान आहे. ‘हकलबरी फिन’ म्हटलं की लोकांना नदी आठवते, खोड्या आठवतात. मला २३व्या प्रकरणाचा शेवट आठवतो. पहाटे हकला जाग येते तर जिम गुडघ्यांत डोकं घालून कण्हतोय. गुलामीतून पळालेला हा माणूस मागे राहिलेल्या बायकामुलांसाठी झुरतोय. मग तो सांगतो. त्याची लहानगी एलिझाबेथ चार वर्षांची होती, स्कार्लेट फीव्हरमधून नुकतीच उठलेली. त्यानं तिला दार लाव म्हटलं. ती नुसती हसत उभी राहिली. त्यानं पुन्हा सांगितलं, ओरडून सांगितलं, तरी ती हसतेच आहे. मग त्यानं तिला अशी चपराक मारली की पोर कोलमडली. दहा मिनिटांनी वाऱ्यानं ते दार तिच्या मागे धाडकन आपटलं आणि ती जागची हलली नाही. तापात तिचे कान गेले होते. बाप थरथरत तिच्यामागे गेला, तिच्या डोक्यामागे जाऊन मोठ्यानं ओरडून पाहिलं, आणि मग तिला कवटाळून रडला.

हे प्रकरण वर्गात वाचताना माझा आवाज एकदाही धड राहिलेला नाही. एका गोऱ्या पोरासमोर, पहाटे, नदीच्या मधोमध एक काळा बाप आपल्या हाताचा गुन्हा कबूल करतो. अमेरिकेच्या साहित्यात पुरुषानं पुरुषासमोर मन मोकळं करण्याचा इतका खरा प्रसंग मला दुसरा माहीत नाही. पण तो घडायला तराफा लागला. काठावर, गावात, घरात असताना जिम हे कुणाजवळ बोलला असता?

*

कवी वॉल्ट व्हिटमनला त्यासाठी अमेरिकेतलं यादवी युद्ध लागलं. डिसेंबर १८६२मध्ये फ्रेडरिक्सबर्गच्या लढाईत भाऊ जखमी झाल्याचं कळलं म्हणून तो ब्रुकलिनहून निघाला. भाऊ ठीक होता, जखम किरकोळ होती. पण छावणीतल्या इस्पितळाशी पोचल्यावर दाराजवळच्या एका झाडाखाली त्याला कापून टाकलेले पाय, हात, पंजे यांचा ढीग दिसला. एका घोड्याच्या गाडीत पुरेपूर मावेल एवढा, असं त्यानं मोजूनमापून लिहून ठेवलं आहे. मग तो घरी परतलाच नाही. वॉशिंग्टनमध्ये राहिला, पोटासाठी अर्धवेळ कारकुनी केली आणि उरलेला वेळ इस्पितळांत काढला. ६००हून जास्त फेऱ्या केल्याचा हिशेब त्यानं स्वतः दिला आहे. संत्री, तंबाखू, आइस्क्रीम, कागद, टपालाची तिकिटं घेऊन जायचा. ज्यांचे हात गेले होते त्यांच्या वतीनं घरी पत्रं लिहायचा. मरणाऱ्या पोरांच्या उशाशी त्यांचा हात धरून बसायचा. चाळिशी ओलांडलेला, दाढीवाला, धिप्पाड पुरुष आणि काम आईचं.

त्या इस्पितळांतल्या पोरांना त्याचा हात हवासा होता. पण १८६५मध्ये युद्ध संपलं आणि त्याच वर्षी सरकारी कचेरीतली त्याची कारकुनी गेली, कारण खात्याच्या मंत्र्याला त्याच्या कविता अश्लील वाटल्या. मला हे फार बोचतं. मरणाच्या दारात पुरुषाचा मायेचा हात चालतो. शांततेच्या काळात तोच हात संशयास्पद होतो.

शेरवुड अँडरसनची ‘हँड्स’ ही गोष्ट याच जागेवर बोट ठेवते. १९१९च्या ‘वाइन्सबर्ग, ओहायो’ या संग्रहात ती अगदी सुरुवातीला येते. मी ती दरवर्षी शिकवतो आणि दरवर्षी वर्गात कुणीतरी मागच्या बाकावर खाली मान घालून बसलेलं असतं. विंग बिडलबॉम नावाचा एक माणूस गावाच्या टोकाला, घळीजवळच्या मोडक्या घरात २० वर्षं एकटा राहतो आहे. वय ४०, पण दिसतो ६५चा. त्याचे हात सारखे फडफडत असतात, पिंजऱ्यातल्या पाखरासारखे. गावाला त्या हातांचा अभिमान आहे, कारण या हातांनी त्यानं एका दिवसात १४० क्वार्ट स्ट्रॉबेऱ्या तोडल्या आहेत. त्याला स्वतःला मात्र हातांची भीती वाटते. बोलायला लागला की तो ते खिशात कोंबतो, पाठीमागे लपवतो.

खिशात. पाठीमागे. पहिल्यांदा वाचलं तेव्हा मी पुस्तक मिटून बराच वेळ बसलो होतो.

हा माणूस मुळात शिक्षक. पेनसिल्व्हेनियातल्या एका गावात, वेगळ्या नावानं. मुलांवर जीव असलेला शिक्षक. संध्याकाळी शाळेच्या पायऱ्यांवर मुलांशी बोलत बसायचा आणि बोलताना त्याचा हात मुलांच्या खांद्यावरून, केसांवरून फिरायचा. अँडरसन म्हणतो, तो हातच त्याचा आवाज होता, मुलांच्या मनात स्वप्न पेरायची त्याची रीत होती. मग एका मतिमंद मुलानं स्वप्नात काहीबाही पाहिलं आणि ते खरं म्हणून सांगितलं. एका मुलाचा बाप, गुत्त्याचा मालक, शाळेच्या अंगणात आला आणि त्यानं मास्तरला बुक्क्यांनी बडवलं. रात्री दहा-बारा माणसं कंदील घेऊन आली, एकाच्या हातात दोरखंड होता. मास्तर पावसातून, चिखलातून पळाला. नवीन आडनाव त्यानं रेल्वेच्या मालधक्क्यावरच्या एका खोक्यावर वाचून घेतलं. आपलं काय चुकलं हे त्याला अजूनही कळलेलं नाही. हातांचा काहीतरी दोष असावा, एवढंच वाटत राहतं.

गोष्टीचा शेवट असा : रात्री एकटाच जेवल्यावर तो दिव्याच्या उजेडात गुडघ्यांवर बसून जमिनीवर सांडलेले पावाचे कण एकेक वेचून तोंडात टाकतो. बोटं इतक्या झपाट्यानं उजेडात-अंधारात होतात की एखादा भाविक माळ ओढतोय असं वाटावं.

या गोष्टीत मारणारे हात आहेत, दोर धरणारे हात आहेत. त्या हातांना गावात कुणी भीत नाही. ते पुरुषांचे हात. अमेरिकन साहित्यानं आपल्याच समाजाबद्दल विचारलेला हा सगळ्यात कठीण प्रश्न आहे असं मी मानतो. ३७ वर्षांनी, १९५६मध्ये जेम्स बाल्डविननं ‘जोव्हानीज रूम’मध्ये तो पुन्हा विचारला. त्यातल्या डेव्हिडचा बाप म्हणतो की पोरगा पुरुष व्हावा एवढीच माझी इच्छा आहे, आणि पुरुष म्हणजे रविवारच्या शाळेचा मास्तर नव्हे! त्या एका इच्छेपायी पोरगा कुणावर धड प्रेम करू शकत नाही. पुरुषावरही नाही आणि बाईवरही नाही.

*

आता हेमिंग्वे. या माणसावर मी फार अन्याय केला. एम.ए.च्या पेपरात मी त्याच्या नायकांवर लिहिलं होतं : दबावाखालीही डौल, शिकार, बैलांच्या झुंजी, धैर्य. गुण चांगले पडले. त्याचे फोटोही तसेच. मेलेल्या सिंहांशेजारी, माशांशेजारी, छाती काढून. त्यानं स्वतःच ती प्रतिमा इतकी जपली की त्याची पुस्तकं त्या प्रतिमेखाली दबून गेली.

पण १९२४ची ‘इंडियन कॅम्प’ वाचा. पाच-सहा पानांची गोष्ट. निक हा लहान मुलगा डॉक्टर बापाबरोबर होडीतून तळ्यापलीकडच्या आदिवासी वस्तीवर जातो. एक बाई दोन दिवस अडलेली आहे. वरच्या बंकवर तिचा नवरा पडला आहे, तीन दिवसांपूर्वी कुऱ्हाडीनं त्याचा पाय कापला आहे. बाप साबण लावून हात धुतो, फार काळजीपूर्वक, फार वेळ, आणि धुता धुता मुलाला समजावून सांगत राहतो. भूल द्यायला काही नाही. तिच्या किंचाळ्या मला ऐकू येत नाहीत, म्हणतो, कारण त्या महत्त्वाच्या नाहीत. खिशातल्या चाकूनं तो तिचं पोट फाडतो, मासेमारीच्या तातीनं शिवतो. बाळ जगतं. बाप खुशीत येतो, मॅच जिंकून आलेल्या खेळाडूसारखा बडबडायला लागतो. मग म्हणतो, बाळाच्या बापालाही पाहू या. वरच्या बंकवरचं पांघरूण तो बाजूला करतो आणि त्याचा हात ओला होऊन येतो. नवऱ्यानं वस्तऱ्यानं स्वतःचा गळा चिरलेला आहे.

ज्या हातांनी एवढं निगुतीनं साबण लावला होता, त्याच हाताला हे लागतं. किंचाळ्या न ऐकू येणं हेच ज्याला पुरुषाचं कसब वाटत होतं, त्याच्या डोक्यावर दोन फुटांवर एक पुरुष त्या किंचाळ्या ऐकून मेला. हेमिंग्वे यातलं एकही वाक्य लिहीत नाही. तो फक्त ओला हात दाखवतो. पहाटे परत येताना निक होडीच्या मागच्या टोकाला बसून पाण्यात हात सोडतो. हवा बोचरी थंड, पाणी हाताला ऊबदार. बाप वल्ही मारतोय. आपण कधीच मरणार नाही, असं त्याला अगदी पक्कं वाटतं.

या गोष्टीनंतर चार वर्षांनी, डिसेंबर १९२८मध्ये, हेमिंग्वेच्या डॉक्टर वडिलांनी स्वतःवर पिस्तूल झाडलं. २ जुलै १९६१ला त्यानं स्वतःही बंदुकीनं तेच केलं. या दोन तारखा माहीत झाल्यावर त्या पाण्यात सोडलेल्या हाताकडे मला कोरडेपणानं पाहता येत नाही.

आणि सांतियागो. ८४ दिवस मासा न मिळालेला म्हातारा, १८ फुटी मासा, शार्क हे सगळ्यांना पाठ असतं. कणखर पुरुषाचा नमुना म्हणून ते पुस्तक भेटही दिलं जातं. पण शेवटाकडे काय होतं? सकाळी त्याच्याकडून मासेमारी शिकलेला पोरगा झोपडीत येतो. म्हातारा श्वास घेतोय हे पाहतो. मग त्याचे दोरानं कापलेले हात पाहतो आणि रडायला लागतो. हळूच बाहेर पडतो, कॉफी आणायला. सगळ्या रस्त्यानं रडत जातो. ‘पुरुषासारखा पुरुष असून रडतोस?’ असं त्या वाटेवर त्याला कुणी म्हणत नाही.

*

ज्यांना ‘पुरुष’ हा शब्दच नाकारला होता त्यांची गोष्ट वेगळी आहे, आणि ती वेगळीच सांगायला हवी. अमेरिकेच्या दक्षिणेत म्हाताऱ्या काळ्या माणसालाही ‘बॉय’ म्हणत. गुलामीतून पळालेल्या फ्रेडरिक डग्लसनं १८४५च्या आत्मकथनात लिहिलं, माणूस गुलाम कसा झाला ते तुम्ही पाहिलंत, आता गुलाम माणूस कसा झाला ते पाहा. आणि मग कोव्ही नावाच्या गोऱ्याशी आपण जवळजवळ दोन तास कसे झोंबलो ते सांगितलं. फेब्रुवारी १९६८मध्ये मेम्फिस शहरात कचऱ्याच्या गाडीच्या यंत्रात सापडून दोन सफाई कामगार मेले आणि सुमारे १३०० कामगार संपावर गेले. त्यांच्या गळ्यातल्या फलकांवर पगाराचा आकडा नव्हता. ‘मी पुरुष आहे, मी माणूस आहे’, इंग्रजीत दोन्हींना एकच शब्द. त्यांच्या पाठीशी उभं राहायला गेलेल्या मार्टिन ल्यूथर किंग यांचा ४ एप्रिलला तिथेच खून झाला. मुंबईत १९७२ साली दलित तरुणांनी आपल्या संघटनेला दलित पँथर हे नाव अमेरिकेतल्या ब्लॅक पँथरवरून दिलं, तेव्हा हे सगळं जवळचं वाटण्याचं कारण त्यांना कुणी समजावून सांगावं लागलं नव्हतं.

टोनी मॉरिसनच्या ‘बिलव्हेड’मध्ये, १९८७, पॉल डी नावाचा गुलाम आहे. त्याचा पहिला मालक फुशारकीनं सांगायचा, माझे गुलाम पोरं नाहीत, पुरुष आहेत. मालक मेला, नवा माणूस आला आणि कळलं, ‘पुरुष’ हा शब्द मालक देतो तसा परतही घेतला जातो, मग आपण कोण? पॉल डीच्या तोंडात लोखंडी लगाम घातला आहे आणि समोर टबावर एक कोंबडा बसला आहे. त्याचं नाव मिस्टर. हा कोंबडा अंड्यातून बाहेर पडू शकत नव्हता, कोंबडी बाकीची पिल्लं घेऊन निघून गेली होती. पॉल डीनंच कवच फोडून त्याला बाहेर काढलं होतं. आता मिस्टर उन्हात राजासारखा बसलाय. तो मिस्टर राहील, शिजवला तरी तो मिस्टर नावाचा कोंबडाच शिजेल. आणि मी? उन्हात टबावर बसलेल्या कोंबड्याहून काहीतरी कमी.

पुढे जॉर्जियात साखळदंडातल्या कैद्यांत त्याचे हात थरथरायला लागतात, ऐकेनासे होतात. पण कादंबरीच्या अखेरीला हाच माणूस अंथरूण धरलेल्या सेथेजवळ, पूर्वी त्याच मळ्यावर गुलाम असलेल्या बाईजवळ, येतो, तिला न्हाऊ घालायचं म्हणतो आणि तिची बोटं आपल्या बोटांत धरून ठेवतो. कुणी मान्यता दिली म्हणून तो पुरुष झाला नाही. मॉरिसन ते पद मालकाच्या तोंडातून काढून घेते आणि या धरलेल्या बोटांत ठेवते.

*

बाप कळायला पोरांना उशीर होतो, हे तर आपल्याकडेही सगळेच म्हणतात. रॉबर्ट हेडनची १४ ओळींची एक कविता आहे, ‘दोज विंटर संडेज’, १९६२ची. डेट्रॉइटच्या गरीब काळ्या वस्तीत वाढलेला हा कवी. रविवारीसुद्धा बाप पहाटे उठायचा, काळ्यानिळ्या थंडीत कपडे चढवायचा, आठवडाभर उघड्यावर राबून भेगाळलेल्या, ठणकणाऱ्या हातांनी शेगडी पेटवायचा. कुणीही कधी त्याचे आभार मानले नाहीत. खोल्या ऊबदार झाल्या की तो पोराला हाक मारायचा. पोरगा तुटकपणे बोलायचा, ज्यानं थंडी घालवली आणि चांगले बूटही पॉलिश करून ठेवले त्याच्याशी. कविता त्या घरातल्या धुमसत्या रागाबद्दलही सांगते, बापाला देव करत नाही. म्हणून ती खरी वाटते.

आर्थर मिलरच्या ‘डेथ ऑफ अ सेल्समन’मध्ये, १९४९, विली लोमन आयुष्यभर पोरांना सांगतो की माणसानं लोकांना आवडलं पाहिजे, हसतमुख असलं पाहिजे, मोठी डील मारली पाहिजे. ३४ वर्षं नोकरी केलेली कंपनी त्याला वयाच्या ६३व्या वर्षी काढून टाकते. विम्याचे २०,००० डॉलर पोराला मिळावेत म्हणून तो गाडीत बसून मरायला जातो. पण हाच माणूस ज्याला अवजारं धरता येत नाहीत तो पुरुषच नव्हे म्हणतो, आणि शेवटच्या रात्री टॉर्चच्या उजेडात अंगणात भाजीचं बी पेरतो. त्याच्या कबरीशी पोरगा म्हणतो की त्यानं विकलेल्या सगळ्या मालापेक्षा दारातल्या त्या पायऱ्यांत आमचा बाप जास्त आहे. सिमेंट कालवताना तो सुखी असायचा. हे त्याला जिवंतपणी कुणी सांगितलं नाही. त्याला स्वतःलाही ते ठाऊक नव्हतं, कारण हातांचं काम त्याला मोठेपणाचं वाटत नव्हतं.

अण्णांना त्यांच्या कामाचा अभिमान होता का, हे मी कधी विचारलं नाही. एकदाच, मी दहावीत असताना, त्यांनी कंपनीतून पितळेचा एक भोवरा करून आणला होता. त्यावरच्या रेषा इतक्या सारख्या होत्या की नख फिरवलं तर बारीक शीळ घातल्यासारखा आवाज यायचा. भोवऱ्याचं माझं वय केव्हाच उलटलं होतं. मी तो कपाटात ठेवला. तो आता कुठे आहे मला ठाऊक नाही.

*

मागच्या वर्षी एका व्याख्यानाच्या तयारीसाठी मी ‘एका कोळियाने’ पुन्हा काढलं. ठशाचं पान आलं. या वेळी मी ते सावकाश वाचलं. पेटका म्हणजे आपल्याच शरीरानं केलेला दगा, असं म्हाताऱ्याला वाटतं. माणूस एकटा असताना तर त्याची जास्तच लाज वाटते. आणि मग तो जे मनात आणतो, तिथे समासात अण्णांचा अंगठा उमटलेला आहे : पोरगा इथे असता तर त्यानं कोपराकडून खाली चोळत आणून हात मोकळा केला असता.

अण्णा आता ७९ वर्षांचे आहेत. थंडीत त्यांच्या डाव्या हाताला रात्री पेटके येतात. हे मला माहीत नव्हतं, कारण ते कुणाला उठवत नाहीत. जानेवारीत एका रात्री पाणी प्यायला उठलो तर त्यांच्या खोलीत दिवा होता. ते कॉटच्या कडेला बसून डावा पंजा मांडीवर दाबून सरळ करू बघत होते. मला पाहून त्यांनी हात शालीखाली घेतला.

“जाईल आपोआप,” म्हणाले. “तू झोप.”

मी शेजारी बसलो आणि शालीखालून त्यांचा हात काढून घेतला. तो पेर नसलेला, आवळून दगड झालेला पंजा मी आयुष्यात पहिल्यांदा हातात धरत होतो. मी एकेक बोट उलगडायला लागलो.

“बोटं नको ओढूस,” अण्णा म्हणाले. “कोपरापासून खाली ये.”